आठव्या मिनिटाचे दोन टोले

घड्याळजीला मोठ्याने बोलताना कुणी कधी ऐकलं नव्हतं. गिऱ्हाईक आलं की तो डोळ्याचं भिंग काढायचा, घड्याळ कानाशी धरायचा आणि "चार दिवसांनी या" म्हणायचा. घड्याळात काय बिघडलंय, ते त्यालाही आणि घड्याळालाही कळलेलं असायचं. तिसऱ्याला सांगायची गरज त्याला वाटत नसे. त्याची बायको चारचौघांत सांगायची, "लग्नात हे 'हो' म्हणाले ते मला ऐकूच आलं नाही. ओठ हलले, म्हणून धरून चालले." लोक हसायचे आणि त्यांच्यात घड्याळजीही हसायचा, आवाज न करता.

त्याचं दुकान एका जुन्या सभागृहाच्या जिन्याखाली होतं. आत दोन गिऱ्हाइकं आली की तिसऱ्याने रस्त्यावर थांबायचं. भिंतीवर दुरुस्तीला आलेली घड्याळं, प्रत्येकाची वेळ वेगळी, आणि मधोमध त्याचं स्वतःचं, काळ्या लाकडाचं. गावातल्या बँकेपासून दवाखान्यापर्यंत सगळे त्या घड्याळावरून आपली घड्याळं लावत. कुणाचं लग्न मोडलं, कुणाचं दुकान बुडालं, तरी घड्याळजीचं घड्याळ चुकलं असं कधी झालं नव्हतं. त्याच्याजवळ मिरवण्यासारखं तेवढंच होतं, आणि तेही तो मिरवत नसे.

वरच्या सभागृहात दर गुरुवारी संध्याकाळी वादसभा भरायची. साठ खुर्च्या, एक टेबल, पाण्याचा माठ. भिंतीवर पत्र्याची पाटी होती आणि तिच्यावर एकच ओळ, 'आधी त्याचं, मग आपलं.' सभेचा सगळा कायदा एवढाच. उलट बाजूने बोलायला उभं राहिलं की पहिल्यांदा समोरच्याचं म्हणणं मांडायचं, आणि तेही असं मांडायचं की समोरच्याने बसल्या जागेवरून "हो, हेच" म्हणावं. त्याने "नाही" म्हटलं तर पुन्हा मांडायचं. "हो, हेच" आल्याशिवाय आपला शब्द काढायचा नाही. ते आलं की मग आपली दहा मिनिटं सुरू. आठव्या मिनिटाला घंटेचा एक टोला, म्हणजे आवरा. दहाव्याला दोन, म्हणजे बसा. दोन टोले पडले की वाक्य अर्धं असलं तरी अर्धंच सोडून बसायचं. त्यात लहानमोठा कुणी नाही.

घंटा घड्याळजीकडे होती. त्याच्याआधी ती त्याच्या वडिलांकडे होती. सभेचे अध्यक्ष म्हणजे शाळेतून निवृत्त झालेले मास्तर. ते म्हणायचे, "गावात ज्याचा आवाज नाही त्याच्या हातात घंटा दिली, हे आमच्या पूर्वजांचं शहाणपण."

पाटीवरच्या त्या ओळीने गंमतीही व्हायच्या. तळ्याकाठचं जुनं झाड तोडावं की ठेवावं यावर एकदा वाद झाला. तोडा म्हणणारा होता बेकरीवाला. त्याला लोहाराचं म्हणणं मांडायचं होतं. लोहार काही केल्या "हो" म्हणेना. "माझ्या म्हणण्यात सावली आहे, ती आली नाही," म्हणायचा. बेकरीवाला तीन गुरुवार उभा राहिला. तिसऱ्या गुरुवारी त्याने सावली अशी काही रंगवली की लोहाराने डोळे पुसले आणि "हो, हेच" म्हणाला. बेकरीवाला मिनिटभर उभा राहिला, मग म्हणाला, "आता माझं काही उरलं नाही," आणि खाली बसला. ते झाड अजून आहे.

घड्याळजीची एकुलती एक लेक या सभेतच वाढली. लहानपणी ती घंटेच्या टेबलाशेजारच्या खुर्चीत बसून सारखी पाय हलवायची, म्हणून बाप तिला लंबक म्हणायचा. तिला बोलायला मात्र बापाने शिकवलं नाही, काकाने शिकवलं. घड्याळजीच्या या धाकट्या भावाचं समोरच वह्या-कागदांचं दुकान होतं. मोठ्याच्या वाटणीचं बोलणंही देवाने धाकट्यालाच दिलं होतं. तो पुतणीला गल्ल्याशेजारी बसवायचा आणि म्हणायचा, "आज तू म्हण की रोज आंघोळ करू नये." ती म्हणायची. मग म्हणायचा, "आता त्याच तोंडाने म्हण, करावी." बारा वर्षांची होईपर्यंत ती दोन्हीकडून अशी बोलायची की आईला प्रश्न पडायचा, या पोरीला खरं काय वाटतं. काका म्हणायचा, "वहिनी, खरं काय वाटतं ते सगळ्यात शेवटी सांगायचं असतं."

मोठी झाल्यावर लेक गावच्याच शाळेत शिक्षिका झाली.

राजकारण गावात आधीही होतं, पण निवडणुकीपुरतं. पाहुण्यासारखं यायचं आणि जेवून जायचं. त्या वर्षांत ते राहायलाच आलं. दोन पक्षांची नावं लांबलचक होती. लोकांनी ती आपल्यापुरती आखूड केली होती, जपणारे आणि बदलणारे. जपणारे म्हणत, चालीरीती बुडाल्या, वडीलधाऱ्यांचा मान गेला. बदलणारे म्हणत, मान म्हणता ते जोखड आहे. दोघांच्या म्हणण्यात तथ्य होतं, आणि म्हणूनच कदाचित दोघांनाही एकमेकांचा इतका राग यायचा.

शाळेत सकाळी एक जुनं गाणं म्हणायचे. घर जागं होतं त्याचं गाणं. आधी आजी उठते, मग आई, मग लेक उठून चूल पेटवते, उंबरा पुसते आणि उंबऱ्याच्या आत राहून सूर्याला बोलावते. बदलणाऱ्यांचं राज्य आलं तेव्हा, मुलीने उंबऱ्याच्या आतच का राहायचं, असं म्हणून त्यांनी कागद काढला आणि गाणं बंद केलं. त्या दिवशी शाळेच्या फाटकाशी कितीतरी म्हाताऱ्या उभ्या राहून रडल्या. पाच वर्षांनी जपणारे आले. त्यांनी दुसरा कागद काढला. गाणं पुन्हा सुरू, आणि आता ते प्रत्येक शिक्षकाने स्वतः म्हणायचं, 'या गाण्यातल्या मूल्यांवर माझी श्रद्धा आहे' असं लिहून खाली सही करायची.

धाकटा जपणाऱ्यांचा गावातला पुढारी झाला होता. पदासाठी झाला असं कुणी म्हणू नये. आपल्या आईचं गाणं कागद काढून बंद केलं, हे त्याच्या मनाला खरोखर लागलं होतं.

लेकीने सही केली नाही.

घरी जेवताना रोज तोच विषय. धाकटा रविवारी जेवायला यायचा, तेव्हा शब्दाला शब्द वाढायचा आणि पानातलं पानात राहायचं. घड्याळजी ताटाकडे बघत जेवायचा. बायकोने एकदा दोघांनाही दटावलं. ती ते गाणं रोज भांडी घासताना म्हणायची, कुठलंही राज्य असो. ती म्हणाली, "गाणं माझं. माझ्या सासूने मला शिकवलं. एकाने बंद केलं, एकाने चालू केलं. मला कुणी विचारलं का? नळ आहे का तो?"

हसले सगळे. पण पुढच्या रविवारी धाकटा आला नाही.

मास्तरांनी तो विषय सभेत घेतला. 'शाळेत कोणतं गाणं म्हणायचं हे राज्यकर्त्यांनी ठरवावं का?' ठरवावं म्हणणार काका, ठरवू नये म्हणणार पुतणी. शाळेच्या कमिटीतले चौघे ऐकायला येणार होते. कमिटी तिला ठेवणार की काढणार, ते त्या संध्याकाळवर होतं, हे सगळ्या गावाला माहीत होतं.

त्या गुरुवारी दुपारी धाकटा दुकानात आला. कित्येक महिन्यांत तो जिन्याखाली वाकून आत शिरला नव्हता. स्टुलावर बसला, एक जुनं घड्याळ उचलून खाली ठेवलं.

"दादा, आज तिला जरा आवर," तो म्हणाला. "बाहेरगावची पोरं येणार आहेत. मागे उभी राहतील. ती माझी नाहीत, माझं ऐकतील असंही नाही. शेवटी ती काहीतरी जिव्हारी लागेल असं बोलते, तुला माहितीये."

घड्याळजीचं भिंग डोळ्यालाच होतं. धाकटा थोडा वेळ थांबला आणि उठून गेला. तो जिन्याखालून बाहेर पडला तेव्हा लेक समोरून येत होती. तिने काकाला बघितलं, आत बापाला बघितलं, आणि न थांबता सरळ वर गेली.

सभागृह भरून गेलं. साठ खुर्च्या संपल्या. मागे भिंतीला लागून वीस-पंचवीस तरुण उभे राहिले, गळ्यात एकाच रंगाचे रुमाल. माठातलं पाणी सभा सुरू व्हायच्या आधीच संपलं. घड्याळजी आपल्या टेबलाशी बसला. समोर उघडं खिशातलं घड्याळ, उजव्या हाताशी घंटा.

धाकटा आधी बोलला, छान बोलला. मग लेक उभी राहिली, आणि पाटीप्रमाणे तिने आधी काकाचं मांडलं. ती म्हणाली, की माझ्या काकांचं म्हणणं असं आहे: गाणं म्हणजे नुसते शब्द नसतात. ज्या बायकांना लिहिता येत नव्हतं त्यांची ती वही होती. ती वही एका कागदाने फाडली तेव्हा तुम्ही सगळे, जे आज स्वातंत्र्याच्या गप्पा मारता, कुठे होतात? मीही गप्प होते. आणि जे कागदाने गेलं ते कागदानेच परत येणार, दुसरा रस्ता तुम्ही शिल्लक ठेवला नाहीत. माझ्या काकांना भीती आहे, की त्यांच्या आईचा आवाज जगात कुठेच उरणार नाही.

एवढं बोलून ती थांबली. धाकट्याने रुमालाने चष्मा पुसला, पुन्हा घातला.

"हो," तो म्हणाला. "हेच."

घड्याळजीने वेळ बघितली. लेकीची दहा मिनिटं सुरू झाली.

तिचं म्हणणं साधं होतं. गाण्यावर तिचा राग नव्हता. सहीवर होता. बंद करणाऱ्या कागदाच्या वेळी मी गप्प राहिले ही माझी चूक, ती म्हणाली, म्हणून या कागदाच्या वेळी दुसरी चूक करणार नाही. मूल्य आहे ते सही मागत नाही. सही मागतो तो पक्ष. मागच्या भिंतीशी कुजबुज झाली. एकजण हसला, दुसऱ्याने शीळ घातली. मास्तरांनी टेबलावर हात आपटला. सातवं मिनिट गेलं. लेकीचा आवाज चढला नाही, उलट खाली आला. ती म्हणाली, "हे गाणं मला आईने शिकवलं. तिने कधी कुणाला विचारून म्हटलं नाही. आणि माझे बाबा—"

तेवढ्यात घड्याळजीला मागच्या रांगेत एका तरुणाने लोखंडी खुर्ची दोन्ही हातांनी डोक्यावर उचललेली दिसली.

त्याच्या हाताने घंटा उचलली. एक टोला. आणि लगेच दुसरा.

लेकीने मान वळवून बापाकडे बघितलं. आठ मिनिटं होऊन काही सेकंदच झाले होते, हे तिला कळलं होतं. ज्या पोरीचं बालपण त्या टेबलाशी पाय हलवत गेलं, तिला ते पोटातूनच कळायचं. पण दोन टोले म्हणजे दोन टोले. तिने पुढचा शब्द उच्चारला नाही. वाक्य तिथेच ठेवलं आणि बसली.

काहीच झालं नाही. खुर्ची कुठेच आदळली नाही. मतासाठी हात वर झाले, मोजले गेले, जास्त हात काकाच्या बाजूने होते. कमिटीचे चौघे मान खाली घालून जिना उतरले. धाकटाही पुतणीकडे न बघता गेला.

दुसऱ्या दिवशी सकाळी लेक दुकानात आली. तिसरं गिऱ्हाईक असल्यासारखी रस्त्यावरच उभी राहिली.

"बाबा, किती मिनिटं झाली होती?"

त्या क्षणी त्याने खरं सांगितलं असतं तर पुढचं सगळं टळलं असतं. मी घाबरलो, एवढे दोनच शब्द. पण ज्याला आयुष्यभर बोलायची सवय नाही त्याच्या तोंडात खरं आधी येत नाही, जे जवळ असेल ते येतं. तो म्हणाला, "घड्याळ पुढे गेलं असेल."

लेक त्याच्याकडे बघत राहिली. मग त्याच्या मागच्या काळ्या लाकडाच्या घड्याळाकडे बघितलं.

"तुमचं?" ती म्हणाली. "काका काल दुपारी काय सांगून गेले तेवढं सांगा."

तो पुन्हा कामावर वाकला. हातातल्या चिमट्यात एक बारीक चाक होतं, ते त्याने खाली ठेवलं नाही.

पंधरा दिवसांत शाळेने तिला काढलं. ती एक पेटी घेऊन दुसऱ्या गावी गेली, बसने तीन तासांवर. तिथे तिने दोन खोल्या भाड्याने घेतल्या आणि मुलांच्या शिकवण्या सुरू केल्या. जाताना आईच्या गळ्यात पडून रडली. बापाला म्हणाली, "येते." परक्याच्या घरातून निघताना म्हणतात तसं.

त्यानंतर महिन्याभराने एक म्हातारी गजराचं घड्याळ घेऊन दुकानात आली. बोलकी होती. काच साफ होईपर्यंत बोलत राहिली. म्हणाली, "तुमच्या लेकीचं भाषण ऐकायला आले होते हो मी. गुडघ्यांनी उभं राहवत नव्हतं. त्या रुमालवाल्या पोरांपैकीच एकाने कुठूनशी खुर्ची आणली, लोकांच्या डोक्यावरून अशी उचलून. म्हटलं, बाई, अजून माणुसकी आहे. आणि बसते न बसते तोच तुमची घंटा."

घड्याळजीने भिंग काढलं. बराच वेळ तो त्या म्हातारीच्या गुडघ्यांकडे बघत राहिला. चार दिवसांनी या, हेही सांगायचं राहून गेलं.

ही गोष्ट त्याने कुणालाच सांगितली नाही. एक माणूस म्हातारीसाठी खुर्ची उचलतो आणि दुसऱ्याला त्यात फुटलेलं डोकं दिसतं. असं बघायला त्याला कुणी शिकवलं? धाकट्याने नाही. धाकट्याने तर दुपारचं एक वाक्य टाकलं होतं. तसं बघणं वर्षभर हवेत होतं. पेपरात होतं, जेवणाच्या पानात होतं, आणि हळूहळू त्याच्या डोळ्यांत उतरलं होतं. भिंगाखाली केसाएवढी चीर दिसणाऱ्या माणसाला वीस पावलांवरची म्हातारी दिसली नव्हती.

वर्षं गेली. बायको महिन्यातून एकदा लेकीकडे जायची. घड्याळजी पिशवी धरून तिला बस थांब्यापर्यंत सोडायचा, संध्याकाळी आणायला जायचा. "कशी आहे?" विचारायचा. "बरी आहे" एवढं ऐकून पिशवी हातात घ्यायचा. सुरुवातीला बायको म्हणायची, "तुम्हीही चला." मग म्हणेनाशी झाली.

तोपर्यंत वादसभेतही बदल झाले. मास्तर गेले. नवीन मंडळींना पाटीवरचा नियम वेळखाऊ वाटला. समोरच्याचं आपण कशाला सांगायचं, त्याला तोंड आहे, ते म्हणाले. पाटी उतरली, भोंगा आला, घंटेच्या जागी विजेवरचं बटण आलं. ती घंटा घड्याळजीने खाली आणून दुकानात ठेवली. तिच्या आत कापडाची घडी घातली, म्हणजे चुकून धक्का लागला तरी वाजू नये.

पुढच्या निवडणुकीत राज्य फिरलं. गाणं पुन्हा बंद झालं. शाळेने लेकीला परत बोलावल्याचं पत्र पाठवलं, तिने ते उत्तर न देता आईकडे दिलं. इकडे जपणाऱ्यांनी हरल्यावर धाकट्यालाच बाजूला सारलं. तू पुरेसा कडक नव्हतास, पुतणीला "हो, हेच" म्हणून बसलास, म्हणाले. घर फिरलं की घराचे वासेही फिरतात. तो आता दुपारी दुकान बंद करून भावाच्या स्टुलावर येऊन बसायचा. कधी तास-तास बसायचा. एकदा म्हणाला, "दादा, त्या दिवशी तुला दम द्यायला आलो नव्हतो मी. मला भीती वाटली होती. तिची." थोडं थांबून म्हणाला, "माझं म्हणणं तिच्याइतकं नीट मलाही कधी मांडता आलं नाही."

घड्याळजीने त्याच्यासाठी चहा मागवला.

लेक गेल्याच्या सहाव्या वर्षी बायकोचे पाय सुजले आणि डॉक्टरांनी बसचा प्रवास बंद केला. तिने लेकीसाठी लिंबाच्या रंगाचा स्वेटर विणून ठेवला होता. तो पिशवीत घालून तिने पिशवी नवऱ्याच्या पुढे ठेवली. "आता तुम्ही जा," ती म्हणाली. "आणि यंदा तरी ओठ नुसते हलवू नका."

तीन तासांच्या प्रवासात त्याने मनातल्या मनात पुन्हा पुन्हा मांडलं. आपलं नव्हे, तिचं. गेली सहा वर्षं तो रोज थोडं थोडं तेच करत होता, दुकानात, जेवताना, झोप लागेपर्यंत. त्याला दुसरी रीत माहीत नव्हती. आधी त्याचं, मग आपलं. तिचं म्हणणं त्याने नीट मांडावं, तिने "हो, हेच" म्हणावं, आणि मग त्याने सांगावं की खुर्ची होती, म्हातारी होती, आणि मी तुझ्यासाठी घाबरलो होतो. एवढं सगळं जमत आलं होतं. फक्त एक अर्धं वाक्य राहिलं होतं. 'आणि माझे बाबा—' याच्या पुढे काय होतं?

लेकीने दार उघडलं. कानाशी दोन-चार केस पांढरे झाले होते. "या," म्हणाली, आणि आईचे पाय कसे आहेत ते विचारलं. पाणी दिलं. खोलीत मुलांच्या वह्यांचे गठ्ठे, खिडकीत वाळत घातलेला टॉवेल, भिंतीवर एक स्वस्तातलं घड्याळ. घड्याळ सात मिनिटं मागे होतं. घड्याळजीचे हात शिवशिवले.

"ते मागे आहे," तो म्हणाला.

"राहू द्या. मला सवय झालीये."

मग तो खुर्चीत पुढे सरकून बसला, हात गुडघ्यांवर ठेवले, आणि बोलायला लागला. आयुष्यात इतकं सलग तो कधी बोलला नव्हता. तुझं म्हणणं असं होतं, म्हणाला, की गाण्यावर तुझा राग नाही, सहीवर आहे. पहिल्या कागदाच्या वेळी गप्प राहिलीस त्याची तुला लाज होती. लेक आधी दचकली. मग तो काय करतोय हे तिच्या लक्षात आलं. तिने हातातलं भांडं खाली ठेवलं आणि समोर बसली. मध्ये एकदा म्हणाली, "लाज नाही. खंत." त्याने ते दुरुस्त करून पुन्हा सांगितलं. तुला काका विकला गेला असं वाटलं नव्हतं, बाबा विकला गेला असं वाटलं, तो म्हणाला. तुला हरण्याचं दुःख नव्हतं. आपल्याच माणसाने, ज्याची वेळ कधी चुकत नाही त्याने, मुद्दाम आपली दोन मिनिटं काढून घेतली, याचं होतं. लेक खिडकीकडे बघत होती. तिने मान हलवली नाही, पण नाहीही म्हटलं नाही.

"आणि शेवटी तू म्हणालीस, आणि माझे बाबा," घड्याळजी म्हणाला. "तुला म्हणायचं असेल, की माझे बाबा कधी बोलत नाहीत, ते भित्रे आहेत, तशी मी होणार नाही." तो थांबला. "किंवा तुला म्हणायचं असेल, की माझे बाबा इथे बसलेत, त्यांनी आजवर कुणाची वेळ कापली नाही, ही आमची रीत, ही जपा. मी दोन्ही धरून बघितलं. यातलं कुठलं, ते मला कळत नाही."

शेजारच्या घरात कुणीतरी बादली ठेवल्याचा आवाज आला.

"खरं सांगू, बाबा?" लेक म्हणाली. "मला आठवत नाही."

तो तिच्याकडे बघत राहिला.

"खूप दिवस आठवत होतं. सारखं तेच डोक्यात यायचं. मग मीच ठरवलं की आता नको. आणि मग एक दिवस आठवायला गेले, तर नव्हतंच." तिने पदराने नव्हे, हाताच्या पालथ्या बाजूने डोळे पुसले, लहानपणी पुसायची तसे. "आता उगाच काहीतरी सांगितलं तर ते खोटं होईल."

घड्याळजीने मान डोलावली. खोटं नको, हे त्याला पटलं. तो तसाच हात गुडघ्यांवर ठेवून वाट बघत राहिला. तो कशाची वाट बघतोय हे तिला कळलं, कारण तीही त्याच पाटीखाली वाढली होती. तिने दोनदा ओठ उघडले. "हो, हेच" तिला म्हणवेना. ते हेच होतं की नव्हतं, तेच तिच्याकडे उरलं नव्हतं.

"तुम्हाला काही सांगायचंय का?" शेवटी तिने विचारलं. "सांगा ना. इथे सभा नाहीये, बाबा."

खुर्ची, म्हातारी, भीती, सगळं त्याच्या जिभेवर होतं. सहा वर्षं होतं. त्याने तोंड उघडलं. पण तिचं पूर्ण झालं नव्हतं, आणि समोरच्याचं पूर्ण झाल्याशिवाय आपलं काढायचं ते कसं, हे या वयात त्याला कुणी शिकवणार नव्हतं.

"बसची वेळ झाली," तो म्हणाला.

ती थांब्यापर्यंत आली. बस सुटताना तिने हात वर केला, आणि तो खिडकीतून दिसेनासा होईपर्यंत तसाच ठेवला.

घरी बायको पाय उशीवर ठेवून बसली होती. दाराचा आवाज ऐकून तिने गाणं गुणगुणायचं थांबवलं. "बोललात?" तिने विचारलं.

"बोललो."

"आपलं सांगितलंत?"

घड्याळजीने चपला काढून भिंतीशी नीट लावल्या. "तिचं अजून पूर्ण झालेलं नाही," तो म्हणाला.

बायकोने त्याच्या हातातली पिशवी घेतली, ती जड लागली म्हणून आत बघितलं. लिंबाच्या रंगाचा स्वेटर जसा दिला होता तसाच घडी घातलेला होता. तिने तो बाहेर काढून मांडीवर ठेवला, त्याच्या बाह्या सरळ केल्या. रागावेल असं त्याला वाटलं होतं. तिने थांबवलेलं गाणं पुन्हा गुणगुणायला घेतलं.